ठोकेला काढलं तेव्हा

नवरदेवाला त्याच्या घरी जाऊन मी जे बोलले, ते सगळंच्या सगळं इथे सांगता येणार नाही. काही शब्द माझ्या तोंडात कुठून आले ते मलाच कळलं नाही, कारण आमच्या माहेरी असं कोणी बोलत नसे. पण बोलले ते बोलले. जन्माच्या मित्राला कोणी असं बाहेर काढतं का? तेही शेवटच्या कार्यक्रमाच्या तोंडावर? माझ्या जागी दुसरी असती तर तिने टेबलावरची फुलदाणी फेकून मारली असती. मी नुसती उचलली होती.

नवरदेव म्हणजे माझ्या नवऱ्याच्या बँडमधला गायक. गिटारही त्याच्याच गळ्यात. कधीही बघा, आत्ता लग्नाला उभं राहायचंय असा नटलेला, म्हणून मीच त्याला हे नाव ठेवलं आणि ते जन्माचं चिकटलं. दुसरा घुम्या. तो जाड तारांची गिटार वाजवतो आणि बोलत नाही. लग्नात ‘हो’ म्हणाला तेच त्याचं शेवटचं भाषण, असं त्याची बायको सांगते. आणि तिसरा ड्रमवाला, माझा नवरा, ठोके. हे काही आमचं आडनाव नव्हे. पण आता बँकेतला माणूससुद्धा “या ठोके” म्हणतो. मी एरवी त्याला अरेतुरेच करते. फक्त रागावले की “अहो ठोके” म्हणते. ‘अहो’ ऐकलं की तो हातातला पेपर खाली ठेवतो.

त्या दिवशी तो सरावाहून नेहमीपेक्षा लवकर आला. दारातल्या स्टुलावर बसून बूट काढायला लागला. मी मशीनवर कोणाचे तरी पडदे शिवत होते. बुटाच्या नाड्या सोडता सोडताच म्हणाला, “अगं, मला काढलं.”

“कशातून?”

“बँडमधून.”

मला वाटलं थट्टा करतोय. मी टीप पुरी केली, दोरा तोडला आणि मग त्याच्याकडे पाहिलं. तो थट्टा करत नव्हता.

“कोणी काढलं?”

“नवरदेवाने. म्हणाला, वय झालं तुझं. एक पोरगी मिळालीय, चांगली वाजवते. शेवटचा कार्यक्रम तीच वाजवेल.”

“तुझं वय झालं, मग तो काय पाळण्यात आहे?” मी ओरडलेच. “आणि घुम्या? तो काय करत होता?”

“घुम्या काय बोलणार? जाऊ दे गं. चहा टाक.”

आता खरं म्हणजे मला आनंद व्हायला हवा होता. लग्न झाल्यापासून मी एकच घोकत आले, सोड हे, सोड हे. शेजारी भांडायला यायचे, पैसा आज आहे तर उद्या नाही, नवरा कुठल्या गावात आहे ते पेपरात वाचून कळायचं. पण मी म्हणणं वेगळं आणि दुसऱ्याने काढणं वेगळं. माझ्या नवऱ्याला नावं ठेवायचा हक्क माझा आहे. तो मी कोणाला वाटून दिलेला नाही.

त्याची नि माझी ओळख झाली ती बगलेपासून. मी तेव्हा एका कापडदुकानामागच्या खोलीत शिवणकाम करायची. आम्ही तिघी बायका मशीनवर असायचो. हा शर्ट घेऊन आला, दोन्ही बगला उसवलेल्या. मी शिवून दिला. थोड्या दिवसांनी परत तोच शर्ट, त्याच बगला. मी दुहेरी टीप मारली. तर पुढच्या वेळी टीप शाबूत आणि बाजूचं कापड फाटलेलं. मी म्हटलं, “तुम्ही करता तरी काय? विहिरी खणता?”

“ड्रम वाजवतो.”

“मग जरा हळू वाजवा की.”

“हळू वाजवलं तर ऐकू येत नाही.”

“पण ऐकायचंय कोणाला?”

बाकीच्या दोघी तोंडात चिंध्यांचा बोळा घालून हसत होत्या. तो मात्र हसला नाही, विचारात पडला. मग मी बगलेत एक चौकोनी तुकडा बसवून दिला, म्हणजे हात कसाही फिरला तरी ताण येऊ नये. त्याने तिथेच शर्ट चढवला आणि हवेतल्या हवेत हात मारायला लागला. दुकानातली गिऱ्हाइकं पडद्याआडून डोकावून गेली. मला इतकी लाज वाटली की काय सांगू, आणि इतकं छानही वाटलं.

पुढे सगळ्या बँडचे कपडे माझ्याकडेच आले. नवरदेवाचा पहिला चमकीचा कोट माझ्या हातचा. त्याला सारखं वाटायचं की कोट ढगळ आहे. शेवटी वैतागून मी इतका आवळून दिला की पहिल्याच कार्यक्रमात वरचा सूर लावताना बटण उडालं आणि घुम्याच्या कपाळावर बसलं. घुम्या तेव्हाही काही बोलला नाही.

त्यांची सरावाची खोली एका गाद्यांच्या कारखान्यावर होती, अजूनही आहे. खाली दिवसभर कापूस पिंजायचे आणि वर हे तिघे. कारखान्याचा मालक म्हणायचा, “दंगा दोघांचाही सारखाच, फक्त माझ्या दंग्यातून गादी तरी निघते.” पण माणूस दिलदार. जी गादी वाकडी शिवली जाईल ती वर पाठवून द्यायचा. यांनी सगळ्या भिंतींना गाद्या ठोकल्या, म्हणजे आवाज बाहेर जाऊ नये. लग्नाआधी आम्हाला भेटायला दुसरी जागाच नव्हती. मी त्या गाद्यांना टेकून बसायची आणि केसांत कापूस घेऊन घरी जायची. आईने विचारलं की सांगायची, कारखान्याची ऑर्डर होती.

लोकांना वाटतं, ड्रमवाला नुसता बडवतो. मलाही तसंच वाटायचं. एकदा ठोके म्हणाला, “आज नीट बघ हं.” गाणं चालू असताना त्याने हळूच वेग वाढवला, कोणाला न सांगता. ते दोघे लागले धावायला. मग हळूहळू कमी केला, तसे दोघे मंदावले. पत्ता एकालाही नाही! गाणं संपल्यावर नवरदेव घाम पुसत म्हणतो, “आज काय रंगलं रे!” ठोकेने माझ्याकडे बघून डोळा मारला. तो जाईल तिकडे ते जायचे, डोळे मिटून. इतका विश्वास मी नवऱ्यावर टाकला असता तर घरात एक वस्तू राहिली नसती.

मग ते खिडकीचं गाणं आलं. एका बंद खिडकीवरचं साधं गाणं, पण शेवटच्या कडव्याआधी नवरदेव एक सूर धरतो. बाकी सगळं थांबतं, खाली फक्त ड्रम चालू. नवरदेवाच्या छातीत किती हवा उरलीय ते ठोकेला मागे बसून कळायचं, आणि तेवढ्यातच तो त्याला पलीकडच्या काठाला नेऊन सोडायचा. लोक तेवढ्या एका सुरासाठी तिकीट काढायचे. त्या वर्षी ते गाणं न्हाव्याच्या दुकानात, फळांच्या गाडीवर, दवाखान्यात, जिथे जाल तिथे. आमची लेक झाली तेव्हा हा दौऱ्यावरून तसाच धावत आला, मागच्या खिशात काठ्या खोचलेल्या. लेकीच्या पाळण्याच्या दांडीवर हळूच ताल धरला आणि नर्सकडून ओरडा खाल्ला. ती नर्स मग सही मागायला परत आली. काय दिवस होते ते! मी शिव्या देत होते आणि उराशी धरून ठेवत होते, दोन्ही एकाच वेळी.

दिवस फिरले, फिरायचेच. ठोके देणारी यंत्रं आली, गाणी बदलली, यांना कोणी बोलावेना. ठोके गाडी शिकवायला लागला. शिकणाऱ्याच्या शेजारी बसून पुढच्या फळीवर बोटांनी ताल धरायचा, “दाब, टाक, सोड. दाब, टाक, सोड.” त्याच्या हाताखाली शिकलेली माणसं म्हणे अजून तालात गिअर टाकतात. सराव मात्र तिघांनी सोडला नाही. आणि मग म्हातारपणी अचानक परत बोलावणी सुरू झाली. त्यांच्याबरोबर तरुण असलेले लोक आता टक्कल घेऊन यायचे आणि खिडकीच्या गाण्याला रडायचे. शेवटी तिघांनी ठरवलं, एक मोठा कार्यक्रम करायचा आणि थांबायचं. मी त्याच्यासाठी शर्ट कापायला घेतला होता, बगलेत चौकोन घालून. तेवढ्यात हे.

म्हणून मी नवरदेवाच्या घरी गेले. तो रेशमी झगा घालून पेपर वाचत होता. मला बघून उभा राहिला.

“वहिनी! बसा ना.”

“बसायला नाही आले. माझा नवरा तुम्हाला आता म्हातारा झाला होय? तुम्ही केसांना लावता त्या रंगाची बाटली त्याच्या डोक्यावर ओतली असती तर चालला असता का? तुमचा दम संपत आला की तुम्हाला कोण सावरायचं? सापाला दूध पाजलं आम्ही!”

असं बरंच. तो ऐकत राहिला. मधे एकदा त्याने तोंड उघडलं आणि परत मिटलं. मी फुलदाणी उचलली, तेव्हा म्हणाला, “वहिनी, तुम्ही म्हणता ते खरं आहे.”

भांडायला गेलेल्या बाईला असं कोणी म्हणतं का? अंगातली सगळी हवाच गेली. मी फुलदाणी ठेवली आणि जरा खालच्या सुरात आले. म्हटलं, “भाऊजी, मी काय जगावेगळं मागत नाही. एक शेवटचा कार्यक्रम त्याला वाजवू द्या. मग खुशाल टाळं ठोका. त्याचा शेवट असा हाकललेल्या माणसासारखा नको.”

“तेवढं मागू नका वहिनी,” तो म्हणाला. “ते माझ्या हातात नाही.”

त्याचे डोळे भरले होते. मला वाटलं, नाटकी मेला, जन्मभर तेच केलं.

घरी आले तर ठोके खिडकीशी बसलेला. तेव्हाच माझ्या लक्षात आलं की घरात काहीतरी कमी आहे. हा माणूस कधी शांत बसलेला मला माहीतच नव्हता. ताटावर, मशीनच्या झाकणावर, माझ्या पाठीवर, जिथे जागा मिळेल तिथे त्याची बोटं चालायची, आणि मी “बास की!” म्हणून ओरडायची. आता बोटं मांडीवर गप्प पडलेली. मी मुद्दाम रिकामा डबा त्याच्यापुढे ठेवला. त्याने झाकण लावून तो बाजूला सरकवला. मी स्वयंपाकघरात जाऊन नळ सोडला आणि रडून घेतलं.

चालणंही बिघडलं होतं. चप्पल पायातून निघून मागेच राहायची आणि याला पत्ता नाही, हा तसाच पुढे. “अहो ठोके, लक्ष कुठेय?” मी चप्पल घेऊन मागे. तो म्हणायचा, सैल झालीय. मी नवी आणली, तीही तशीच. मला वाटलं, मनाला लागलं की माणूस असाच होतो. रोज दुपारी मात्र “जरा फिरून येतो” म्हणून बाहेर पडायचा. मी म्हटलं, फिरू दे, तेवढाच जीव रमेल.

पण माझा जीव रमेना. कार्यक्रम जवळ आला तशी माझ्या डोक्यात एक गोष्ट शिरली. ते ड्रम कोणाचे? आमचे! त्या पोरीने माझ्या नवऱ्याच्या जागेवर बसायचं, ते त्याच्याच ड्रमवर? हातचं काम टाकून मी कोपऱ्यावर गेले. तिथे घरसामान हलवणारा एक म्हातारा त्याचा छोटा ट्रक लावून असतो. त्याला म्हटलं, चल. तो म्हणाला, काय हलवायचंय? म्हटलं, ढोलकी समज, पण पाचसहा, आणि वर परातीसारखं काहीतरी. तो बिचारा आला.

गाद्यांच्या कारखान्यात तोच वास. जिन्यावर तसाच कापूस उडत होता. त्याला खाली थांबवून मी दणदणत चढायला लागले, तोंडात वाक्यं तयार. अर्ध्या जिन्यात असताना वरचं गाणं थांबलं आणि आवाज आला, “थांबा, थांबा. घुम्या, तू परत मागे पडलास.”

आवाज माझ्या नवऱ्याचा होता.

“ती बरोबर जातेय,” तो म्हणत होता. “तू माझी वाट बघतोयस. नको बघू.”

“सवय,” घुम्या म्हणाला.

दार पुरतं लागत नाही त्या खोलीचं, गादी आड येते. फटीतून मला दिसलं. ड्रमवर एक आखूड केसांची पोरगी, आणि तिच्या शेजारी स्टुलावर ठोके. एक पाय समोर लाकडासारखा ठेवलेला.

पोरगी म्हणाली, “काका, पायाचा ठोका इथे तुम्ही थोडा उशिरा द्यायचात. तसाच देऊ?”

“पूर्वी उशिरा द्यायचो तो मुद्दाम. हल्ली उशिरा पडायचा तो पायामुळे. तू आमची जुनी रेकॉर्ड ऐक पोरी. अलीकडचं काही ऐकू नकोस.”

सगळे हसले. मग नवरदेव म्हणाला, “तुझी बायको परवा मला काय काय बोलून गेली, सांगू? फुलदाणी उचलली होती.”

“फेकली नाही ना? मग अजून माया आहे तुझ्यावर.” आणि मग जरा हळू, “तू काही बोलला नाहीस ना?”

“नाही. खाल्ल्या शिव्या मुकाट्याने. पण ठोके, सांगून टाक रे तिला. मी तुला काढलं नाही, तूच सोडलंस. आम्ही तर तुझ्यामागे रांगायलासुद्धा तयार होतो.”

“रांगत होतातच की! मी मंदावलो, तर तुम्ही दोघेही मंदावलात. कोणाला कळणार? त्या दिवशी सरावाची टेप ऐकली म्हणून माझं मलाच समजलं. अरे, खिडकीचं गाणं केवढं लांबलं होतं! सूर धरून धरून तू निळा पडला होतास, तरी मी पोचेपर्यंत थांबलास. मरशील एखाद दिवशी. मला काय पाप लावून घ्यायचंय?”

मग घुम्या बोलला. त्याच्या हिशेबाने ते भाषणच होतं. तो म्हणाला, “डॉक्टर काय म्हणाले ते तरी सांग तिला.”

“काय सांगू? शुगरने पायाच्या नसा गेल्यात, परत यायच्या नाहीत, आणि हळूहळू वर सरकेल? अरे, मला काढलं म्हटलं की ती चिडते. चिडू दे. चिडलेली ती मला चालते, आयुष्य गेलं त्यात. घाबरलेली नाही रे बघवत.”

मी तिथेच पायरीवर बसले. पहिल्यांदा आला तो संताप. माझ्या नवऱ्याचा पाय, आणि जगाला माहीत, फक्त मला नाही? आत जाऊन तिघांना उभं आडवं झोडावं असं वाटलं. मग चप्पल आठवली. गाडी शिकवणं ‘कंटाळा आला’ म्हणून सोडलं होतं, ते आठवलं. एका छताखाली राहून मी चपलेला दोष देत होते. आणि मग भीती आली. वर सरकेल म्हणजे कुठवर? मी कठडा घट्ट धरला आणि तोंडावर हात दाबून ठेवला, कारण आवाज फुटला असता तर त्याला ऐकू गेला असता. त्याचे कान अजून पक्के आहेत.

आत पोरीने सुरुवात केली. नवरदेवाने तो सूर धरला आणि ती त्याला बरोबर पलीकडे घेऊन गेली. ठोके मान हलवत होता. त्याच्या तोंडावर दुःख असेल म्हणून मी बघत राहिले, तर दुःख होतंच, पण त्या दुःखाच्या वर खूश झालेला मास्तर बसला होता.

म्हातारा ट्रकवाला जिन्यात आला. “बाई, माल?”

“माल जागेवरच बरा आहे,” मी म्हटलं. “चल.” खाली उतरताना त्याने माझा चेहरा बघितला आणि पुढे काही विचारलं नाही, भला माणूस.

संध्याकाळी ठोके आला. “फिरून आलो,” म्हणाला. जिना चढून दमलेला, दाराला धरून उभा. मला वाटलं, धावत जावं, त्याचा पाय पोटाशी धरावा आणि म्हणावं, मला सगळं माहीत आहे. तो माझ्याकडे बघत होता. मी कमरेवर हात ठेवले.

“तो मेला नवरदेव दिसला का कुठे?” मी म्हटलं. “दिसला तर सांग, अजून माझं बोलून संपलेलं नाही. केसांना काळं फासतो, तेच तोंडाला फासायला हवं. बेइमान! कोटाची बटणं मी लावली म्हणून टिकला, नाहीतर गावभर उघडा फिरला असता!”

त्याचे खांदे खाली आले. चेहराच सैल झाला. “जाऊ दे गं,” तो म्हणाला. “तोही काय करेल?”

“काय करेल म्हणजे? तू त्याची बाजू घेऊ नकोस, अहो ठोके!”

तो हसला. किती दिवसांनी हसला.

तेव्हापासून आमचं असंच चाललंय. आमच्या जिन्याला मी दुसऱ्या बाजूनेही कठडा बसवून घेतला. म्हटलं, माझे गुडघे बोलतात हल्ली. दोघांनाही मागे पट्टा असलेल्या चपला आणल्या. म्हटलं, दुकानात जोडीनेच मिळत होत्या. रविवारी त्याचे पाय मांडीवर घेऊन नखं कापते आणि कुठे जखम तर नाही ना, ते बोटांच्या बेचक्यांतून बघून घेते. तो विचारतो, “हे काय नवीन?” मी म्हणते, “तुझ्या नखांनी चादरी फाटतात. शिवायच्या कोणी?” त्याला कळलंय का, की मला कळलंय? कोण जाणे. विचारायची सोय नाही.

कार्यक्रमाला आम्ही पहिल्या रांगेत बसलो. त्याने जन्मात पहिल्यांदा आपला बँड समोरून बघितला. “अरे, नवरदेव तोंड किती वाकडं करतो!” म्हणून हसत होता. मी शिवलेला शर्ट अंगात होता. पोरीने बाजी मारली, खोटं कशाला बोलू? खिडकीच्या गाण्यात तो सूर लागला, तेव्हा ठोकेने माझा हात धरला, आणि मला वाटतं, आपण श्वास रोखलाय हे त्यालाही कळलं नाही. गाणं संपल्यावर नवरदेव पुढे आला आणि म्हणाला, “आम्ही इतकी वर्षं ज्याच्या मागे चाललो, तो आज तुमच्यात बसलाय.” सगळं सभागृह उठून उभं राहिलं. ठोकेही उठला, माझ्या खांद्यावर सगळा भार टाकून. टाळ्या थांबेनात. मी पाय रोवून उभी राहिले.

नवरदेवाने वरून माझ्याकडे बघितलं, जरा भीत भीतच. मी नाक मुरडून मान फिरवली.

“आता तरी सोड राग,” ठोके माझ्या कानात म्हणाला.

“मरेपर्यंत सोडणार नाही!”

परवा न्हाणीघरात काहीतरी पडल्याचा आवाज आला. साबणाचा डबा होता, तो नव्हता. पण मी दाराबाहेर उभी राहून नवरदेवाच्या सात पिढ्या उद्धरल्या, आणि आतून “जाऊ दे गं” ऐकू आलं, तेव्हा कुठे गप्प बसले. भीती वाटली की मी नवरदेवाला शिव्या घालते. हल्ली सकाळपासूनच सुरू करते.